प्राण्यांच्या गमतीच्या कविता वाचताना मूल उठून जातं? या चुका टाळा

गोव्यात फोंड्याला बहिणीकडे गेले की तीन वर्षांची भाची पुस्तक घेऊन सोप्यावर माझ्या मांडीत येऊन बसते. परवा तिच्यासाठी मीच वहीच्या पानांचं एक पुस्तक शिवून नेलं होतं. पहिल्या पानावर चित्र आणि दोन ओळी:

आला गवा, आला गवा,
त्याला बसायला पाट हवा!

पहिली ओळ वाचली आणि माझ्यातली शाळेतली बाई जागी झाली. "गव्याला पाय किती?" तिने मोजले, चार. "रंग कुठला?" "काळो." "आणि शिंगं?" तेवढ्यात रस्त्यावर पोदेराचा भोंगा वाजला आणि ती पाव घ्यायला पळाली. दुसरी ओळ तिने ऐकलीच नाही.

सगळ्यात मोठी चूक हीच, आणि ती हौशी, शिकलेल्या आईबाबांकडूनच जास्त होते. यमकाची पहिली ओळ संपली की कान दुसऱ्या ओळीच्या शेवटाकडे लागलेला असतो. मध्ये तोंडी परीक्षा घेतली तर "गवा" कानातून निघून जातो. मग "हवा" आला काय आणि न आला काय, सारखंच. पहिल्यांदा ठेक्यात सरळ वाचून काढा. दुसऱ्यांदाही तसंच. तिसऱ्यांदा "त्याला बसायला पाट..." इथे थांबा आणि खरंच गप्प बसा. "सांग सांग" म्हणू नका. दोन-तीन श्वासांत मूल "हवा!" ओरडतं. "पाट पोळी!" म्हणालं तरी हसा आणि पुढे चला. पाय-शिंगं नंतर मोजता येतात. खरं तर या ओळीतली गंमत आकड्यात नाही, आकारात आहे: गवा गोव्याचा राज्यप्राणी, पूर्ण वाढलेला नर हजार किलोपर्यंत भरतो, आणि मागतो काय, तर पाट! हे चित्रातल्या एवढ्याशा पाटावर बोट ठेवलं की मुलाला कळतं, समजावून सांगावं लागत नाही.

कधी कधी चूक वाचणाऱ्याची नसते, पुस्तकाचीच असते. इंग्रजीवरून आणलेल्या पुष्कळ पुस्तकांत चित्रं सुरेख आणि ओळी लंगड्या असतात; मूळ यमक तिकडेच राहतं, मराठीत नुसती लांब वाक्यं येतात. दुसरा प्रकार आळशी यमकाचा. मराठीत क्रियापद शेवटी येत असल्यामुळे "गेला, आला, झाला, म्हणाला" असं कितीही जुळवता येतं, पण त्यात मुलाला ओळखायला काही उरत नाही. नामं जुळली की मजा येते. पुस्तक घेण्याआधी दुकानात उभ्या उभ्या एक पान मोठ्याने वाचा. जीभ दोनदा अडखळली तर ठेवून द्या. पानावर दोन, फार तर चार ओळी पुरतात. विकत घेण्याआधी पारखायची असतील तर पणजीला पाटोवरच्या कृष्णदास शामा मध्यवर्ती ग्रंथालयात मुलांचा वेगळा विभाग आहे. प्रथम बुक्सच्या स्टोरीवीव्हर या संकेतस्थळावरही मराठी आणि कोंकणी पुस्तकं फुकट वाचता येतात. पडद्यावरून वाचताना मात्र गाणं लावून फोन मुलाच्या हातात देऊ नका. तिथे थांबणारं कुणी नसतं.

आपल्याकडची खास अडचण भाषेची: पुस्तक मराठी, घरात कोंकणी. पुस्तकात कुत्रा, घरात सुणें. पुस्तकात बेडूक, घरात बेबो. काही जण मुलाला लगेच सुधारतात: "बेबो नाही, बेडूक म्हण." काही जण वाचता वाचता शब्दच बदलतात आणि यमकाचा जीव जातो. छापलेलं छापल्याप्रमाणे वाचा, आणि पान संपल्यावर चित्राकडे बोट करून "आणि हा आमचा बेबो" म्हणा. दोन्ही शब्द मुलाच्या पोटात मावतात. उलट कधी कधी घरची भाषाच धावून येते. मराठीत "मांजर" आणि "गाजर" जुळवताना अनुस्वार थोडा खटकतो. भाचीने परस्पर "माजर खाता गाजर" करून टाकलं. तंतोतंत यमक! मी वहीत तसंच लिहून ठेवलं.

मगरीचा आवाज काढताना जरा बेताने. कुंभारजुव्याच्या कालव्यात खरोखरच मगरी आहेत. दुर्भाटच्या बाजूला पौष अमावास्येला चिखलाची मगर करून तिची पूजा, म्हणजे मानगेथापणी, होते. अशा ठिकाणच्या मुलाला मगर पुस्तकातली नसते, बांधापलीकडची असते. तुमच्या घोगऱ्या "आऽऽ"ने ते रडलं तर पुस्तक मिटू नका. मगरीला शिंक येऊ द्या, दात घासू द्या, आवाज बारीक करा.

चित्रावरचा अंगठा काढा. हे क्षुल्लक वाटतं, पण ओळीत "हत्ती लपला" लिहिलेलं असतं आणि चित्रात पडद्याखालून चार खांब दिसत असतात. आपली नजर अक्षरांवर, मुलाची हत्तीवर. ते हसेपर्यंत पान उलटू नका.

रात्री झोपताना हसवणारं पुस्तक शेवटी ठेवलं तर तासभर गवा खाटेवर नाचतो. ते आधी वाचा, शांत पुस्तक नंतर. पावसात पुठ्ठ्याची पानं फुगतात, बुरशी धरतात. वाचून झाल्यावर पुसा आणि घट्ट झाकणाच्या डब्यात ठेवा.

आणि तेच पुस्तक पुन्हा मागितलं तर वाचा. रविवारी सातव्यांदा वाचताना मला कंटाळा आला, मी हळूच दोन पानं एकदम उलटली. भाचीने माझ्या हातावर हात ठेवला, पान मागे घेतलं आणि विचारलं, "पाट खंय?"