दमट दिवसांत मीलवर्मच्या भुंगेऱ्यांचा ट्रे कोळी किडीपासून कसा सांभाळावा

मीलवर्म म्हणजे खाद्य म्हणून कोंड्यात वाढवल्या जाणाऱ्या भुंगेऱ्यांच्या अळ्या. पावसाळी, दमट हवेत त्यांच्या प्रजनन ट्रेला सर्वाधिक धोका असतो तो धान्यात वाढणाऱ्या कोळी किडीचा (इंग्रजीत ‘माइट’; जाळे विणणारा कोळी नव्हे). हा कोळी जेमतेम अर्ध्या मिलिमीटरचा असल्यामुळे सुरुवातीला तो कीड वाटतच नाही. ट्रेच्या काठावर आणि गाजराच्या तुकड्याखाली फिकट तपकिरी धूळ साचल्यासारखी दिसते. ही धूळ काळ्या कागदावर झटकून दिव्याखाली दोन मिनिटे निरखावी. ती जागची हलू लागली किंवा बोटांनी चुरडल्यावर पुदिन्यासारखा वास आला, तर कोळी शिरला आहे असे समजावे.

तो येतो बहुधा नव्या कोंड्यातून आणि वाढतो ओलाव्यावर. त्यामुळे कोंडा ट्रेमध्ये घालण्यापूर्वी पातळ थर पसरून ६० अंश सेल्सिअसला तासभर तापवावा, किंवा उणे १८ अंशांवर आठवडाभर ठेवावा. कोळ्याची अंडी थंडीला चिवट असल्याने एका रात्रीचे गोठवणे पुरत नाही. गोठवलेली पिशवी खोलीच्या तापमानाला आल्याशिवाय उघडू नये, नाहीतर कोंड्यावर दव धरते आणि केलेली मेहनत उलटते. गाजर किंवा बटाट्याच्या चकत्या कोंड्यात न खुपसता लहान झाकणावर ठेवाव्यात व दुसऱ्या दिवशी न चुकता काढाव्यात. खोलीतील आर्द्रता ६० टक्क्यांच्या आसपास राखावी, त्यासाठी साधे आर्द्रतामापक पुरेसे आहे. ट्रेवर घट्ट झाकणाऐवजी बारीक जाळी लावावी.

प्रादुर्भाव झालाच, तर कीटकनाशक फवारण्याचा मोह आवरावा, कारण त्याने कोळ्यांआधी भुंगेरेच मरण्याची शक्यता असते आणि अळ्या खाद्य म्हणून वापरायच्या असल्यास त्यांत अवशेष राहण्याचा धोकाही असतो. भुंगेरे चाळून कोरड्या, तापवून गार केलेल्या कोंड्यात हलवावेत आणि दोन-तीन दिवस ओले खाद्य बंद ठेवावे. त्याहून जास्त काळ ते बंद ठेवल्यास तहानलेले भुंगेरे स्वतःची अंडी आणि कोष खाऊ लागतात. पुढे केळ्याची साल ट्रेवर रात्रभर ठेवून सकाळी त्यावर जमलेल्या कोळ्यांसह उकळत्या पाण्यात टाकावी. काही कोळी भुंगेऱ्यांच्या अंगाला चिकटून नव्या ट्रेत येतातच, म्हणून आठ-दहा दिवसांनी पुन्हा चाळून कोंडा बदलावा. जुन्या कोंड्यातील भुंगेऱ्यांच्या अंड्यांची आशा सोडावी लागते. ती वाचवण्याच्या नादात कोळीही वाचतो. तो कोंडा गोठवूनच फेकावा आणि चाळण गरम पाण्याने धुऊन कडक वाळवावी.

कोंड्यात रेशमी जाळी धरली असेल, तर ती पतंगाच्या अळीची आहे. तो भाग लगेच काढून ट्रेवर लावलेली बारीक जाळी तपासावी. मुंग्यांसाठी मांडणीचे पाय साबणाच्या पाण्याच्या वाट्यांत ठेवावेत आणि मांडणी भिंतीला टेकू देऊ नये, कारण एवढी एक वाट त्यांना पुरते.