चक्रकथा रचायची असेल तर आधी कूलर उघडून बघा

उन्हाळाभर मी नागपुरात कूलर दुरुस्त करतो आणि पोळा झाला की गोष्टी लिहायला बसतो. तोच दिवस फिरून फिरून येणाऱ्या गोष्टींचा, म्हणजे चक्रकथांचा, मला भारी नाद. त्या कशा रचायच्या, याचा पहिला धडा मला कूलरनंच दिला.

कूलरमध्ये पाणी तेच फिरतं. पंप वर चढवतो, गवतातून झिरपतं, खाली टाकीत पडतं, पुन्हा वर. पण मे महिन्यात पॅड काढून बघा. गवतावर पांढरा खार चढून ते पापडासारखं कडक झालेलं असतं. पाणी उडून गेलं, खार मागं राहिला. चक्रकथेलाही असा खार लागतो. सगळं पूर्ववत व्हावं, पण एक गोष्ट होऊ नये. नुसती नायिकेची आठवण शिल्लक ठेवूनही काम भागतं म्हणा, पण आठवण डोळ्यांना दिसत नाही. बोटानं मोजता येईल अशी वस्तू धरा.

माझ्या गोष्टीतलं कळंबी हे गाव तळ्यात झोपलेल्या एका कासवाच्या पाठीवर वसलंय. साठ घटका झाल्या की कासव एकदा श्वास सोडतं, आणि त्याच्या पाठीवरचं सगळं आदल्या पहाटेच्या जागी परत जातं. साउली नावाच्या नावाडिणीला हे कळतं, कारण तिच्या रांजणातलं पाणी दर फेरीला बोटभर कमी होतं.

घटका मुद्दाम घेतल्या. कल्पित जगात भिंतीवरचं घड्याळ टांगलं की जग तिथंच फाटतं. पूर्वी लग्नाचा मुहूर्त पाहायला घटिकापात्र असायचं: बुडाला बारीक भोक असलेली वाटी पाण्यावर सोडायची, ती बुडाली की एक घटका, म्हणजे २४ मिनिटं झाली. साठ वाट्या बुडाल्या की एक दिवस-रात्र. साउलीच्या ओसरीवर अशी वाटी आहे. ती बुडताना 'डुबुक्' असा आवाज येतो आणि साठावा डुबुक् ऐकू येईल या धास्तीनं वाचक सरसावून बसतो.

लिहिण्याआधी मी सर्व्हिसिंगच्या रजिस्टरमध्ये दोन रकाने आखतो. डावीकडे खुंट्या, म्हणजे रोज न चुकता घडणाऱ्या गोष्टी. चौथ्या घटकेला कुंभाराचा माठ फुटतो, अकराव्या घटकेला शेजारची म्हातारी सुनेवर ओरडते, असं. पाचाच्या वर खुंट्या नको, लक्षात राहत नाहीत. प्रत्येकीला आवाज नाहीतर वास हवाच. उजव्या रकान्यात त्या फेरीला काय वेगळं झालं ते.

नवशिके मार खातात ते लांबीत. प्रत्येक फेरी सारखीच ऐसपैस लिहितात. पहिला दिवस खुशाल पसरा. माझा सात पानांचा आहे. दुसरा तीन पानांत, तिसरा अर्ध्या पानात. सातवी फेरी मी एवढीच लिहिली: 'माठ फुटला. म्हातारी ओरडली. साउलीनं रांजणात हात घातला. पाणी कोपराच्याही खाली गेलं होतं.' 'माठ फुटला' या दोन शब्दांत वाचकाला अख्खी सकाळ आठवते, ती पुन्हा सांगायची गरज नाही. आणि नवव्या फेरीला माठ फुटूच देऊ नका. चौथी वाटी बुडते आणि आवाजच येत नाही! पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी आपल्याकडे नागपुरात मारबत, म्हणजे मोठ्या पुतळ्यांची मिरवणूक, निघते. पिवळी आणि काळी दरवर्षी त्याच, पण गर्दीच्या माना उंचावतात त्या यंदाचे बडगे, म्हणजे टोमणे मारणारे पुतळे, कशावर काढलेत ते बघायला.

आता सुटकेची वाट. इथं मी स्वतः तोंडघशी पडलोय. पहिल्या खर्ड्यात शेवटी एक साधू येऊन मंत्र देतो आणि चक्र थांबतं, असं लिहिलं होतं. मुलीनं वाचलं आणि म्हणाली, "बाबा, हा साधू पहिल्याच दिवशी काहून नाही आला?" उत्तर नव्हतं. वही आठ दिवस कपाटात.

वाट सापडली वेताळ पंचविशीत. उत्तर ठाऊक असून राजा गप्प बसला तर डोक्याची शकलं होणार, आणि बोलला तर प्रेत पुन्हा झाडावर. दोन्हीकडून कोंडी. शेवटच्या कथेत बाप एका परक्या मुलीशी लग्न करतो आणि त्याचा मुलगा तिच्या आईशी. त्यांच्या लेकरांचं आपसात नातं काय? राजाला खरंच सुचत नाही. तो गप्प राहतो, डोकं शाबूत. कारण अट 'ठाऊक असून' अशी होती. सुटका पहिल्या दिवसापासून अटीच्या शब्दांतच बसलेली होती.

मग मी माझी अट पुन्हा वाचली. 'पाठीवरचं सगळं' परत जातं. रांजणातलं पाणी मुळात तळ्याचं, पाठीवरचं नाही, म्हणून ते पुन्हा भरत नाही. म्हणजे साठावी वाटी बुडताना जो तळ्यात असेल तो सुटला. साधू खोडला, साउलीची होडी काठाला बांधली.

होडीत दोनच माणसं मावतात. मागं राहील त्याला साउली पुन्हा कधी ओळखू येणार नाही. मुलगी म्हणते, साउलीच्या आईला ने. बायको म्हणते, कुंभाराला. मी रजिस्टरच्या उजव्या रकान्यात दोन्ही नावं पेन्सिलनं लिहून ठेवलीत.