पेन्शन अडली किंवा कापली तर काय करावे

पेन्शन ही सरकारची मेहेरबानी नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९७१ मध्ये देवकीनंदन प्रसाद प्रकरणात आणि १७ डिसेंबर १९८२ च्या डी. एस. नकारा प्रकरणाच्या निकालात हे स्पष्ट केले. २०१३ च्या झारखंडच्या प्रकरणात तर, नियमाचा आधार नसेल तर नुसत्या परिपत्रकावर पेन्शन रोखता येत नाही, असे ठरले. म्हणून कार्यालयाला पहिला प्रश्न विचारायचा : कोणत्या नियमाखाली रोखली? तोंडी उत्तर मानू नका. लेखी आदेश मागा. मिळत नसेल तर १० रुपये भरून माहिती अधिकारात अर्ज करा आणि सेवापुस्तकाची प्रतही त्यातच मागा.

महाराष्ट्राच्या राज्य कर्मचाऱ्यांना १९८२ चे निवृत्तिवेतन नियम लागू आहेत. त्यातला नियम २७ नीट वाचावा. निवृत्तीनंतर नव्याने विभागीय चौकशी सुरू करायची तर शासनाची मंजुरी लागते, आणि प्रकार चौकशी सुरू होण्याच्या ४ वर्षांपेक्षा आधीचा असेल तर ती करताच येत नाही. चौकशी 'सुरू' झाली असे दोषारोपपत्र बजावल्यावर धरतात (आधी निलंबन असेल तर त्या तारखेपासून). नुसती कारणे दाखवा नोटीस पुरत नाही. तारखांचा हा हिशेब आधी मांडा. बरीच प्रकरणे इथेच ढासळतात. चौकशी निवृत्तीआधीच सुरू असेल, तर नियम १३० प्रमाणे तात्पुरते निवृत्तिवेतन मिळते. उपदान (ग्रॅच्युइटी) मात्र निकालापर्यंत थांबते.

सर्वांत जास्त तक्रारी वसुलीच्या. वेतननिश्चिती (मूळ पगार ठरवणे) चुकल्याचे वेतन पडताळणीत उघड होते आणि उपदानातून लाखोंची रक्कम कापली जाते. अशा वेळी सर्वोच्च न्यायालयाचा रफिक मसीह निकाल (१८ डिसेंबर २०१४) कामी येतो : गट क व ड चे कर्मचारी, निवृत्त झालेले किंवा वर्षभरात होणारे, किंवा ५ वर्षांहून अधिक काळ जादा रक्कम घेतलेले, यांपैकी कोणाकडूनही वसुली करता येत नाही. अडचण येते ती वचनपत्रामुळे. सुधारित वेतनश्रेणी घेताना 'जादा रक्कम परत करीन' अशी सही दिली असेल, तर २०१६ चा जगदेव सिंग निकाल तुमच्याविरुद्ध वापरला जातो. ते वचनपत्र खरोखर सेवापुस्तकात आहे का, कोणत्या तारखेचे, हे आधी तपासा. शिवाय निकालाने वाचते ती मागची वसुली. पुढची पेन्शन दुरुस्त वेतनावर निश्चित होऊ शकते.

आता क्रम. विभागप्रमुखांना निवेदन द्या, पोच घ्या. त्यात विलंबाचे व्याजही मागा. नियम १२९-अ उपदानासाठी, १२९-ब पेन्शनसाठी. ६ महिन्यांत उत्तर नाही आले, तर त्यापुढच्या एका वर्षात महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्ये, मूळ अर्ज करायचा. अंतिम आदेश मिळाला असेल तर वर्ष त्या तारखेपासून. पुन्हापुन्हा स्मरणपत्रे पाठवून मुदत वाढत नाही, आणि नेमकी हीच चूक बहुतेक जण करतात. दरमहा कमी पेन्शन मिळत असेल तर तो चालू, म्हणजे दर महिन्याला नव्याने होणारा, अन्याय मानतात, पण थकबाकी साधारणपणे ३ वर्षांचीच मिळते.

जिल्हा परिषदेचे कर्मचारी आणि अनुदानित शाळांचे शिक्षक मॅटमध्ये जात नाहीत. त्यांनी राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालय गाठावे.

आणि खासगी सावकार वा बँकेने दावा जिंकला, तरी १८७१ च्या पेन्शन कायद्याच्या कलम ११ मुळे सरकारी पेन्शनवर जप्ती आणता येत नाही.