जर्मन राजकीय विचार आणि लोकमत यांचा इतिहास कसा वाचावा

ठाण्याचे मराठी ग्रंथसंग्रहालय १८९३ साली स्थापन झाले. त्याच वर्षी जून महिन्यात जर्मनीत राइशटागची, म्हणजे तिथल्या संसदेची, निवडणूक झाली, जिच्यात पंचवीस वर्षांवरील पुरुषांना मताधिकार होता. निवडून आलेल्या सभागृहाला मात्र चान्सलर, म्हणजे सरकारचा प्रमुख, बदलता येत नव्हता, कारण त्याची नेमणूक सम्राटाच्या हाती होती. मत असूनही सत्ता नसणे म्हणजे काय, हे आधी समजले तर पुढचे ग्रंथ सोपे जातात, म्हणून नौपाड्यातील आमच्या वाचनगटात आम्ही सुरुवात तत्त्वज्ञांपासून न करता या निवडणुकीपासून करतो.

त्यानंतर एक वही घ्यावी आणि पानावर दोन रकाने आखावेत. डाव्या रकान्यात ग्रंथ किंवा लेख आणि त्याचे साल लिहावे. उजव्या रकान्यात त्या साली काय छापता येत होते आणि कोणाची परवानगी लागत होती, हे नोंदवावे. उजवा रकाना भरण्याचा कंटाळा येतो, पण खरा अभ्यास तिथेच होतो.

उदाहरणार्थ, जर्मन तत्त्वज्ञ कांटचा ‘प्रबोधन म्हणजे काय’ हा १७८४ चा लेख घ्यावा. बुद्धीचा ‘खासगी’ आणि ‘सार्वजनिक’ वापर असा भेद तो करतो, आणि नवा वाचक हमखास इथेच अडखळतो. कारण अधिकाऱ्याने आपल्या पदावरून केलेल्या वापराला कांट ‘खासगी’ म्हणतो, आणि त्याच माणसाने अभ्यासक म्हणून वाचकवर्गापुढे मांडलेल्या विचाराला ‘सार्वजनिक’. आता उजवा रकाना पाहावा. १७९४ मध्ये प्रशिया या जर्मन राज्याच्या राजाने धर्मविषयक लेखनावरून कांटला समज दिली, तेव्हा ‘महाराजांचा एकनिष्ठ प्रजाजन म्हणून’ आपण या विषयावर लिहिणार नाही, असे त्याने कळवले. १७९७ मध्ये राजा वारला आणि पुढच्याच वर्षी कांट पुन्हा त्या विषयाकडे वळला, कारण ते वचन त्या राजाच्या हयातीपुरतेच होते, असे त्याचे म्हणणे होते. आमच्या गटातील एक निवृत्त सरकारी अधिकारी या शब्दयोजनेवर मनापासून खूश झाले.

१८१९ च्या कार्ल्सबाद ठरावांची, म्हणजे जर्मन राज्यांनी मिळून घातलेल्या निर्बंधांची, नोंद ठळक करावी. वीस छापील फर्म्यांपर्यंतच्या, म्हणजे अष्टपत्री आकारात सुमारे ३२० पानांपर्यंतच्या मजकुराला पूर्वतपासणी सक्तीची झाली. जाड ग्रंथ सुटला, वर्तमानपत्र अडकले. तत्त्वज्ञ हेगेलचे ‘लोकमत आदरास पात्र आहे आणि तिरस्कारासही’ हे मत याच काळातले आहे, हे विसरून ते वाचू नये. मार्क्स संपादक असलेले कोलोनचे ‘राइनिशे त्साइटुंग’ हे वर्तमानपत्र १८४३ मध्ये बंद पाडले गेले. मे १८४८ मध्ये फ्रँकफुर्टला राष्ट्रीय सभा भरली. त्याच साली लोकहितवादींची पत्रे मुंबईच्या ‘प्रभाकर’मध्ये येऊ लागली होती, ही नोंद शेजारी ठेवली की काळाचा अंदाज येतो.

वायमार काळासाठी, म्हणजे १९१९ ते १९३३ च्या जर्मन प्रजासत्ताकासाठी, आकडेच वाचावेत. हिटलरच्या नात्सी पक्षाला १९२८ मध्ये २.६ टक्के मते होती, १९३० मध्ये १८.३, जुलै १९३२ मध्ये सुमारे ३७ आणि त्याच नोव्हेंबरात ३३.१. सर्व जर्मन जनता त्यांच्यामागे होती, असे सरसकट विधान या आकड्यांपुढे टिकत नाही.

१९३३ नंतर मोकळी निवडणूक नाही, त्यामुळे साधने बदलावी लागतात. परदेशात गेलेल्या सोशल डेमोक्रॅटांचे अहवाल आणि राजवटीच्या सुरक्षा सेवेचे गुप्त अहवाल असे दोन्ही उपलब्ध आहेत. प्रत्येक उताऱ्याशेजारी तो कोणी, कोणासाठी लिहिला हे टिपावे, कारण पहिल्यांना असंतोष दिसावा अशी आस होती, तर दुसऱ्यांचा वाचक सत्ताधारी होता.

जर्मन विचारवंत हाबरमास शेवटी घ्यावा. त्याच्या ‘ओफेंटलिशकाइट’ या शब्दाला ‘लोकमत’ म्हणू नये, कारण त्याला मत अभिप्रेत नसून ते घडण्याची जागा अभिप्रेत आहे. ‘सार्वजनिक क्षेत्र’ हा शब्द चालतो. ही कल्पना मांडणाऱ्या त्याच्या ग्रंथाचे साल १९६२. त्याच वर्षी ऑक्टोबरात ‘श्पीगेल’ या साप्ताहिकाच्या कार्यालयावर छापा पडला, संपादकाला अटक झाली, लोक रस्त्यावर आले आणि अखेर संरक्षणमंत्री श्ट्राउस यांना पद सोडावे लागले. हे उजव्या रकान्यात जरूर लिहावे, पण दोहोंमध्ये कार्यकारणाचा बाण काढू नये: या ग्रंथामागचा हाबरमासचा प्रबंध १९६१ मध्येच मारबुर्ग विद्यापीठात सादर झालेला होता.