कॅमेरा, थंब आणि मोबाईल: कामगारावर नजर ठेवताना कायद्यात कसं राहायचं

कोल्हापुरात शिरोलीची फाउंड्री असो, गुजरीतली सोन्याची पेढी असो की राजारामपुरीतलं कापड दुकान, कामाच्या जागी कॅमेरा लावायला कायद्याची आडकाठी नाही. आडकाठी आहे ती चोरून लावायला, नको तिथं लावायला आणि गोळा केलेली माहिती वाऱ्यावर सोडायला. सांगून, कारणापुरती आणि कागदावर ठेवलेली नजर टिकते. बाकीची कधी ना कधी मालकाच्याच अंगाशी येते.

कॅमेऱ्याची जागा आधी कागदावर ठरवा. गेट, स्टोअर, वजनकाटा, गल्ला, तिजोरीचं दार इथं कारण सरळ सांगता येतं. कपडे बदलायची खोली, संडास-बाथरूम, बायकांची विश्रांतीची खोली इथं कुठलंच कारण चालत नाही. खरा घोळ होतो तो दाराच्या कोनात. फेटलिंगच्या (ओतीव माल घासून साफ करायच्या) शेडमधला कॅमेरा शेडवरच रोखलेला असतो, पण चेंजिंग रूमचं दार उघडलं की आतला बाक दिसतो. म्हणून बसवून झाल्यावर दार उघडं ठेवून स्क्रीनवर स्वतः बघा. दिसत असेल तर कॅमेरा वळवा, नाहीतर डीव्हीआरच्या (चित्रण साठवणाऱ्या यंत्राच्या) मेनूतला प्रायव्हसी मास्क लावून तेवढा भाग काळा करा. भारतीय न्याय संहितेच्या कलम ७७ खाली बाईचं असं चोरून चित्रण केल्यास पहिल्याच गुन्ह्याला १ ते ३ वर्षं कैद आहे. माहिती तंत्रज्ञान कायद्याचं कलम ६६ई पुरुषांनाही संरक्षण देतं.

आवाजाचं रेकॉर्डिंग बंदच ठेवा. चोरी पकडायला चित्र पुरतं. जेवणाच्या सुट्टीत माणसं घरच्या अडचणी बोलतात, त्या साठवायचं काहीच कारण नाही. बऱ्याच कॅमेऱ्यांत माईक आतच असतो, तेव्हा सेटिंगमध्ये जाऊन खात्री करा. त्याच बैठकीत डीव्हीआरचा कंपनीने दिलेला पासवर्ड बदला आणि बसवणाऱ्याच्या मोबाईलमधलं लॉगिन काढायला लावा. ते राहून गेलं तर तुमच्या दुकानाचं चित्र महिनोन्महिने तिऱ्हाइताच्या खिशात फिरतं.

आता थंब मशीन, म्हणजे बोटाच्या ठशानं हजेरी घेणारं यंत्र. ठसा हा माहिती तंत्रज्ञान कायद्याखालच्या २०११ च्या नियमांत संवेदनशील माहितीत मोडतो आणि तो घ्यायला लेखी संमती लागते. हे नियम मोठ्या कंपन्यांपुरते नाहीत. भागीदारी फर्म आणि एकट्या मालकाचं दुकानही त्यात येतं. नवा डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण कायदा २०२३ चा, त्याचे नियम नोव्हेंबर २०२५ मध्ये आले आणि मालकावरच्या मुख्य जबाबदाऱ्या मे २०२७ पासून लागू होतात. त्यात नोकरीच्या कामापुरती माहिती वापरायला वेगळी संमती लागणार नाही, म्हणून काही मालक आत्ताच निवांत झालेत. ती चूक आहे. माहिती सुरक्षित ठेवण्याची जबाबदारी त्या सवलतीनं जात नाही आणि हयगयीला दंडाची कमाल मर्यादा २५० कोटी रुपये आहे.

फाउंड्रीत वाळूचे साचे करणाऱ्या मोल्डिंगवाल्याचा अंगठा मशीन घेत नाही, हे कोल्हापुरात ज्यानं हजेरी सांभाळली त्याला ठाऊक आहे. वाळूनं रेषा झिजतात, बोटांना घाम आणि काजळी असते. माणूस पाळीला वेळेवर आलेला असतो, मशीन ‘पुन्हा प्रयत्न करा’ म्हणतं आणि पगारात अर्धा दिवस कापला जातो. हा कामगारावर उघड अन्याय आहे. उपाय सोपा आहे: नोंदणी करताना दोन्ही हातांची मिळून निदान चार बोटं घ्या, काच रोज कोरड्या फडक्यानं पुसा आणि मशीनशेजारी वही ठेवा. ठसा लागला नाही तर सुपरवायझरनं वेळ लिहून दोघांनी सही करायची. पगार करताना वही आणि मशीन दोन्ही बघायचं. कामगार सोडून गेला की त्याचा ठसा मशीनमधून आणि संगणकातल्या सॉफ्टवेअरमधून, दोन्हीकडून काढा. पासवर्ड बदलता येतो, अंगठा बदलता येत नाही.

सूचना मराठीत, ठळक आणि गेटवर लावा. मजकूर एवढा पुरतो: ‘या आवारात गेट, स्टोअर व वजनकाटा येथे कॅमेरे आहेत. हेतू: चोरी व अपघात तपासणी. आवाज रेकॉर्ड होत नाही. चित्रण १० दिवस राहते. पाहण्याचा अधिकार: मालक व व्यवस्थापक. तक्रारीसाठी: (नाव, फोन).’ दिवसांचा आकडा मात्र हिशेब करून लिहा. एक कॅमेरा २ एमबीपीएसवर (सेकंदाला २ मेगाबिट) अखंड चालला तर दिवसाला साधारण २१ जीबी खातो. ८ कॅमेरे असतील तर २ टीबीची हार्ड डिस्क ११ दिवसांत भरते आणि जुनं पुसलं जातं.

फोनच्या बाबतीत हात आखडता घ्या. टेम्पो कुठं आहे हे बघायचं असेल तर जीपीएस टेम्पोला लावा, ड्रायव्हरच्या मोबाईलमध्ये नको. फिरत्या सेल्समनला लोकेशनचं ॲप द्यायचंच असेल तर ते ड्युटीच्या वेळेतच चालू राहील अशी सेटिंग करा आणि तसं लिहून द्या. कंपनीचा लॅपटॉप तपासता येतो, पण आधी लेखी सांगून. कामगाराचा स्वतःचा फोन त्याच्या परवानगीशिवाय वाईट हेतूनं उघडणं हा माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या कलम ४३ आणि ६६ खाली ३ वर्षांपर्यंत कैदेचा गुन्हा आहे.

कामगाराची बाजू. तुमच्यावर आळ आला किंवा तुमच्या अंगावर कोणी धावून आलं, तर फुटेज मागायला महिनाअखेरीची वाट बघू नका; वरच्या हिशेबानं तोवर ते पुसलेलं असेल. त्याच दिवशी अर्ज द्या: तारीख, वेळ कितीपासून कितीपर्यंत, कुठला कॅमेरा आणि ‘हे चित्रण पुसू नये’ एवढं वाक्य. दुसऱ्या प्रतीवर पोच घ्या. पोच देत नसतील तर अर्ज स्पीड पोस्टानं पाठवा. कोर्टात ते चालवायचं तर भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ चं प्रमाणपत्र आणि फाइलचं हॅश मूल्य (फाइल बदललेली नाही हे दाखवणारा संकेतांक) लागतं, नुसता व्हॉट्सॲपवर आलेला तुकडा पुरत नाही. ठशांबद्दलची किंवा माहिती बाहेर गेल्याची तक्रार असेल तर आधी कंपनीनं नेमलेल्या तक्रार अधिकाऱ्याकडे लेखी द्या, त्यांना २०११ च्या नियमांनी एक महिन्याची मुदत आहे. निष्काळजीपणानं नुकसान झालं असेल तर भरपाईचा दावा राज्याच्या माहिती तंत्रज्ञान सचिवांपुढे करता येतो. मजुरी कापल्याची तक्रार मात्र कामगार खात्याकडे.

चेंजिंग रूममध्ये कॅमेरा सापडला तर तो उपटू नका. जागेवरच बाहेरून फोटो काढा, दोन साक्षीदार ठेवा आणि थेट पोलीस ठाण्यात जा. फिर्याद देताना कॅमेऱ्याइतकाच डीव्हीआर जप्त करायला सांगा, कारण चित्रण त्यात असतं.