निमखाऱ्या पाण्याची वर्गवारी शिकताना: खाडीच्या अभ्यासात नव्याने येणाऱ्यांसाठी

खाडीच्या अभ्यासात नव्याने आलेल्या विद्यार्थ्याची सुरुवातीलाच एका शब्दकुळाशी, म्हणजे पाणी किती खारं आहे यावरून त्याला दिलेल्या नावांशी, गाठ पडते: ऑलिगोहॅलाइन, मेसोहॅलाइन, पॉलिहॅलाइन, युहॅलाइन. शोधनिबंधांत, सर्वेक्षणाच्या अहवालांत, नोकरीच्या मुलाखतीत, सगळीकडे हेच शब्द. मीही ते पाठ करूनच सुरुवात केली. तक्ता छोटा आहे, तुम्हीही जरूर पाठ करा. पण इतकी वर्षं खाड्यांच्या पाण्यावर काम केल्यावर माझं ठाम मत झालं आहे की नाव सगळ्यात शेवटी लिहावं. त्याआधी आकडा, आणि आकड्याच्याही आधी तो कशाने, कधी, किती खोलीवर आणि भरती-ओहोटीच्या कोणत्या टप्प्यावर मोजला, याची नोंद.

तक्ता आधी सांगून टाकते. एप्रिल १९५८ मध्ये व्हेनिसमध्ये निमखाऱ्या पाण्याच्या वर्गीकरणावर एक परिसंवाद भरला होता. तिथे ठरलेली विभागणी आज ‘व्हेनिस पद्धत’ म्हणून ओळखली जाते. क्षारता दर हजारी ०.५ पेक्षा कमी असेल तर पाणी लिम्नेटिक, म्हणजे गोडं. ०.५ ते ५ ऑलिगोहॅलाइन, ५ ते १८ मेसोहॅलाइन, १८ ते ३० पॉलिहॅलाइन. ३० ते ४० म्हणजे युहॅलाइन, नेहमीचा समुद्र. ४० च्या वर हायपरहॅलाइन. समुद्राचं आणि गोडं पाणी मिसळून तयार झालेल्या सगळ्या पाण्याला एकत्रितपणे मिक्सोहॅलाइन म्हणतात. काही जण मेसोहॅलाइनचे १० वर दोन भाग पाडतात. त्यातला अल्फा जास्त खाऱ्या बाजूचा आणि बीटा कमी खाऱ्या बाजूचा, हे लक्षात ठेवा, कारण अंदाजाने बहुतेक जण उलटं धरतात.

या सीमा कुठून आल्या, हे समजून घेतलं की तक्ता पुन्हा विसरायला होत नाही. १८ हा आकडा पहिल्यांदा पाहताना विचित्र वाटतो. १५ का नाही, २० का नाही? व्हेनिसच्या आधी डच प्राणिशास्त्रज्ञ रेडेके यांनी अशीच वर्गवारी केली होती, पण ती क्लोराइडच्या हिशोबाने. त्यांच्या मेसोहॅलाइन वर्गाची वरची मर्यादा होती लिटरला १० ग्रॅम क्लोराइड. त्या काळात क्षारता थेट मोजत नसत. पाण्यातलं क्लोराइड चांदीच्या क्षाराने टायट्रेट करत (म्हणजे क्षाराचं द्रावण थेंबाथेंबाने घालून मोजत) आणि त्यावरून क्षारता काढत. समुद्राच्या पाण्यात प्रमुख आयनांचं एकमेकांशी प्रमाण जवळजवळ स्थिर असतं, म्हणून ते जमतं. चॅलेंजर जहाजाच्या समुद्रसंशोधन मोहिमेतून आलेल्या ७७ नमुन्यांचं रसायनशास्त्रज्ञ डिटमार यांनी केलेलं विश्लेषण १८८४ मध्ये प्रसिद्ध झालं आणि या गोष्टीला पक्का आधार मिळाला. क्लोरिनिटीला (टायट्रेशनमधून मिळणाऱ्या क्लोराइडच्या आकड्याला) १.८०६५५ ने गुणलं की क्षारता मिळते. आता १० ला गुणून पाहा, १८ च्या आसपास येता.

५ च्या सीमेमागे मात्र जीवशास्त्र आहे. जर्मन प्राणिशास्त्रज्ञ रेमाने यांनी १९३४ मध्ये बाल्टिक समुद्राच्या निरीक्षणांवरून दाखवलं की साधारण ५ ते ८ या पट्ट्यात तळाशी राहणाऱ्या प्राण्यांच्या जाती सगळ्यात कमी आढळतात. गोड्या पाण्यातले प्राणी तिथवर तग धरत नाहीत, समुद्रातले बहुतेक तिथपर्यंत पोहोचत नाहीत, आणि खास निमखाऱ्या पाण्याचे म्हणावेत असे थोडेच. हा आलेख जवळजवळ प्रत्येक पाठ्यपुस्तकात असतो. तो वाचताना दोन गोष्टी लक्षात असू द्या. एक म्हणजे तो प्रामुख्याने तळाच्या मोठ्या प्राण्यांचा आहे. बाल्टिकमधल्याच सूक्ष्म एकपेशीय जीवांचा अभ्यास २०११ मध्ये प्रसिद्ध झाला, त्यात याच पट्ट्यात जातींची संख्या सर्वाधिक दिसली. दुसरी गोष्ट मला जास्त महत्त्वाची वाटते: बाल्टिकमध्ये भरती-ओहोटी जवळजवळ नाही.

यावर जरा थांबायला हवं. बाल्टिकच्या मध्यभागी पृष्ठभागाची क्षारता ७ च्या आसपास असते आणि ती आज, उद्या, पुढच्या महिन्यातही साधारण तेवढीच राहते. तिथे ‘हे पाणी मेसोहॅलाइन आहे’ असं नकाशावर रंगवता येतं. भरती-ओहोटीच्या खाडीत तसं होत नाही. मधल्या टप्प्यातल्या एखाद्या ठिकाणी ओहोटीच्या अखेरीस २ आणि भरतीच्या अखेरीस २१ अशी क्षारता मिळू शकते. म्हणजे सहा-सात तासांत तेच ठिकाण ऑलिगोहॅलाइनपासून पॉलिहॅलाइनपर्यंत जातं. या दोन आकड्यांची सरासरी ११.५ येते आणि अहवालात सरळ ‘मेसोहॅलाइन’ लिहिलं जातं. तिथल्या शिंपल्याच्या दृष्टीने ही माहिती जवळजवळ निरुपयोगी आहे, कारण त्याला सहन करावी लागते ती २ आणि २१ यांच्यातली ये-जा. स्थिर क्षारतेच्या पाण्याला होमिओहॅलाइन आणि सतत बदलणाऱ्या पाण्याला पॉयकिलोहॅलाइन म्हणतात. हे दोन शब्द तक्त्यात नसतात, म्हणून विद्यार्थी ते शिकत नाहीत. माझ्या मते ते तक्त्याइतकेच महत्त्वाचे आहेत.

म्हणून माझा आग्रह असतो की एखाद्या ठिकाणाची क्षारता सांगताना मध्यक द्या, त्याच्यासोबत दहावा आणि नव्वदावा शतमक (ज्यांच्या खाली अनुक्रमे १० आणि ९० टक्के मोजण्या येतात ते आकडे) द्या, आणि मग वाटल्यास वर्गाचं नाव लिहा. उधाणाच्या आणि भांगाच्या भरतीची मोजणी वेगळी ठेवा. पावसाच्या पुरातली आणि कोरड्या ऋतूतली तर वेगळी ठेवाच. आणि तळाच्या गाळात राहणाऱ्या जीवांवर काम करणार असाल तर गाळातल्या पाण्याची क्षारता स्वतंत्र मोजा. वरचं पाणी भराभर बदललं तरी गाळाच्या कणांमधलं पाणी सावकाश बदलतं. वर २ आणि २१ चा खेळ चालू असताना खाली काही सेंटीमीटरवरचा किडा बऱ्याच शांत जगात राहत असतो.

खोलीचाही असाच प्रश्न. नदीचा प्रवाह जोरदार आणि भरती कमजोर असेल तर खारं पाणी जड असल्याने तळाशी पाचरीसारखं आत शिरतं, आणि वरून गोडं पाणी वाहत राहतं. मिसिसिपीच्या मुखाकडे हे ठळक दिसतं. २०२३ मध्ये नदीचं पाणी घटलं तेव्हा ही खारी पाचर तळातून इतकी वर सरकली की ती थोपवण्यासाठी नदीच्या तळावर बांध घालावा लागला. अशा ठिकाणी एकाच उभ्या रेषेत वर लिम्नेटिक आणि खाली पॉलिहॅलाइन पाणी असू शकतं. भरती जोरदार असेल तर पाणी वरपासून खालपर्यंत घुसळलं जातं आणि फरक फारसा उरत नाही. बहुतेक खाड्या या दोन टोकांच्या मध्ये कुठेतरी बसतात. तेव्हा नोंदवहीत ‘क्षारता १४’ एवढंच लिहू नका. पृष्ठभागाची की तळाची, ते त्याच ओळीत आलं पाहिजे. सॅन फ्रान्सिस्कोच्या खाडीत एक सुरेख मोजमाप वापरतात, एक्स-टू नावाचं: तळाजवळची क्षारता २ असलेली जागा गोल्डन गेटपासून, म्हणजे खाडीच्या तोंडापासून, किती किलोमीटर आत आहे, हे अंतर. तिथे वर्गाचं नावच येत नाही. पाणी आत-बाहेर सरकतं हे गृहीत धरून सीमेचाच माग घेतला जातो. गोड्या पाण्याचा प्रवाह किती ठेवायचा याचे नियमसुद्धा या अंतरावर बेतलेले आहेत.

आता एककाबद्दल, कारण मुलाखतीत इथे हमखास विचारतात. जुन्या निबंधांत क्षारता दर हजारी लिहिलेली असते, म्हणजे किलोला किती ग्रॅम. १९७८ च्या व्यावहारिक क्षारता मापनश्रेणीनंतर क्षारता पाण्याच्या विद्युतवाहकतेवरून ठरू लागली. ठरावीक तीव्रतेच्या पोटॅशियम क्लोराइडच्या द्रावणाशी १५ अंश सेल्सिअसला तुलना करायची. दोघांची वाहकता सारखी भरली तर क्षारता ३५. हे गुणोत्तर असल्यामुळे त्याला एकक नाही. ‘पीएसयू’ (प्रॅक्टिकल सॅलिनिटी युनिट) लिहिलेलं तुम्हाला जागोजागी दिसेल आणि लोकांना ते समजतंही, पण काटेकोर संपादक ते काढायला लावतात. २००९ मध्ये आंतरसरकारी समुद्रविज्ञान आयोगाने नवीन पद्धत स्वीकारली. तिच्यात निरपेक्ष क्षारता पुन्हा किलोला ग्रॅममध्ये मांडतात, आणि व्यावहारिक ३५ म्हणजे प्रमाण रचनेच्या पाण्यात किलोला ३५.१६५ ग्रॅम. वर्गवारीपुरता हा फरक नगण्य आहे, तरी कोणती पद्धत वापरली ते लिहून ठेवा.

वर्गवारीच्या दृष्टीने खरी अडचण खालच्या टोकाला येते. १९७८ ची श्रेणी २ ते ४२ या मर्यादेत वैध आहे. गोडं आणि ऑलिगोहॅलाइन यांची सीमा मात्र ०.५ वर आहे, म्हणजे श्रेणीच्या बाहेर. कमी क्षारतेसाठी वेगळं सुधारित सूत्र आहे. तुमच्या यंत्राच्या आत ते वापरलं आहे का, हे माहितीपुस्तिकेत पाहून घ्या. आणि हातातला रिफ्रॅक्टोमीटर (प्रकाशाच्या वक्रीभवनावरून क्षारता दाखवणारं उपकरण) घेऊन ०.५ ची सीमा शोधायला जाऊ नका. त्याच्या पट्टीवर एकेक अंकाच्या रेघा असतात, त्यामुळे ०.३ आणि ०.८ तो वेगळे सांगूच शकत नाही. मेसोहॅलाइनच्या वर झटपट अंदाज घ्यायला तो चांगला आहे, ऊर्ध्वपातित पाण्याने शून्य जुळवून घेतला तर. वाहकता मापक वापरताना तापमानाची दुरुस्ती चालू आहे ना, हे दर वेळी पाहा. एका अंशामागे वाहकता साधारण दोन टक्क्यांनी बदलते. उन्हात तापलेल्या उथळ पाण्यात दुरुस्तीविना घेतलेला आकडा सहज पुढच्या वर्गात जाऊन बसतो.

वेगवेगळ्या शाखांचे लोक एकत्र काम करतात तिथे आणखी एक गुंता होतो. भूजलवाले विरघळलेल्या एकूण क्षारांवर बोलतात, मिलिग्रॅम प्रति लिटरमध्ये. अमेरिकेच्या भूशास्त्रीय सर्वेक्षणाच्या वापरात १,००० च्या खाली गोडं पाणी आणि १,००० ते १०,००० निमखारं भूजल. आता लिटरला ७०० मिलिग्रॅम क्षार असलेलं पाणी घ्या. भूजलतज्ज्ञ त्याला गोडं म्हणेल, खाडीचा अभ्यासक ऑलिगोहॅलाइन. लिटरला १२ ग्रॅमचं पाणी भूजलवाल्यांच्या लेखी निमखारेपणाच्या पलीकडे गेलेलं, तर आपल्याकडे ते निमखाऱ्या पट्ट्याच्या ऐन मध्यात. दोघंही आपापल्या जागी बरोबर आहेत. बैठकीत ‘निमखारं’ हा शब्द आला की मी लगेच आकडा विचारते, आणि नव्यांनीही न संकोचता विचारावा.

क्षार कुठून आले, हाही प्रश्न विचारायचा. कॅस्पियनची क्षारता १२-१३ च्या आसपास, म्हणजे आकड्याने मेसोहॅलाइन. पण त्यात सल्फेटचा वाटा महासागरापेक्षा बराच जास्त आहे, त्यामुळे समुद्राच्या पाण्यासाठी बनवलेलं वाहकतेचं सूत्र तिथे जसंच्या तसं चालत नाही. अमेरिकेतल्या पाणथळ जागांच्या १९७९ च्या वर्गीकरणात यासाठी चांगली सोय केली आहे: क्षार समुद्रातून आलेले असतील तर नावाच्या शेवटी ‘हॅलाइन’, जमिनीवरून आलेले असतील तर ‘सलाइन’. सीमा त्याच, म्हणजे ऑलिगोहॅलाइनला जोडीदार ऑलिगोसलाइन.

एक गल्लत अगदी चांगल्या विद्यार्थ्यांचीही होते, ती युहॅलाइन आणि युरीहॅलाइनची. युहॅलाइन हे पाणी असतं, युरीहॅलाइन हा जीव. क्षारतेतले मोठे चढउतार सहन करणारा तो युरीहॅलाइन, अगदी थोड्या पट्ट्यातच जगणारा तो स्टेनोहॅलाइन. पाण्याला युरीहॅलाइन म्हणू नये.

व्हेनिसच्या सीमा सगळीकडे चालतात का? युरोपीय संघाच्या २००० सालच्या जलविषयक निर्देशात जवळपास त्याच आहेत, आणि तिथे ५ हा आकडा वरच्या वर्गात जातो हेही स्पष्ट लिहिलं आहे. तुमच्या पद्धतीत तसं लिहिलेलं नसेल तर तुम्ही लिहा. अमेरिकेतल्या चेसापीक उपसागराच्या देखरेखीतही हीच नावं वापरतात. पण अमेरिकेच्या मध्य अटलांटिक किनाऱ्यावरच्या जीवांच्या क्षारतापट्ट्यांवरून १९९३ मध्ये वेगळे विभाग काढले गेले: ० ते ४, २ ते १४, ११ ते १८, १६ ते २७, आणि २४ पासून पुढे समुद्र. हे विभाग एकमेकांवर चढलेले आहेत, आणि मला ते फार प्रामाणिक वाटतात, कारण माशांची आणि शिंपल्यांची वस्ती एका रेघेवर संपत नाही. प्रबंध लिहिणाऱ्यांना मी सांगते की अहवालासाठी व्हेनिसची नावं वापरा म्हणजे इतरांशी तुलना होईल, पण विश्लेषणात क्षारता अखंड आकडा म्हणूनच घ्या. वर्ग पाडून सांख्यिकी केली की ४.९ आणि ५.१ वेगळे होतात, आणि ५.१ आणि १७.९ एक.

शेवटी उलट्या खाड्यांबद्दल, म्हणजे तोंडापेक्षा आतल्या टोकाला जास्त खाऱ्या असणाऱ्या खाड्यांबद्दल, कारण त्या पाठ्यपुस्तकात ओळीभरात संपतात. समुद्रशास्त्रज्ञ प्रिचर्ड यांच्या १९६७ च्या गाजलेल्या व्याख्येनुसार खाडीत समुद्राचं पाणी जमिनीवरून येणाऱ्या गोड्या पाण्याने मोजता येईल इतकं पातळ झालेलं असतं. उलट्या खाड्या या व्याख्येत बसत नाहीत. दक्षिण ऑस्ट्रेलियातल्या स्पेन्सर आखातात नदीचं पाणी नगण्य आणि बाष्पीभवन जबर, म्हणून आतल्या टोकाला क्षारता ४० च्या वर जाते. तिथे आत जावं तसं पाणी खारं होत जातं. टेक्ससच्या लगूना माद्रे या किनारी सरोवरातही हायपरहॅलाइन पाणी मिळतं. कोरड्या प्रदेशातल्या प्रकल्पावर पहिली नोकरी मिळाली तर पाणी आत गोडं आणि बाहेर खारं असणार असं धरून नमुन्यांची ठिकाणं ठरवू नका. आधी तोंडापासून आतल्या टोकापर्यंत एकदा वाहकता मापक घेऊन जा, वरचे आणि तळाचे आकडे घ्या, आणि ठिकाणं त्यानंतर निवडा.