पाव-अंड्याचा बेक नाश्ता मधे ओला राहायचा, त्यावरचा उपाय

भुसावळला घरी लग्न असलं की पहाटेच्या गाड्यांनी उतरलेले पाहुणे एकदमच नाश्त्याला बसतात. एकेक ऑम्लेट काढत बसण्यापेक्षा पाव-अंड्याचा ट्रे ओव्हनमध्ये सारणं सोपं. अडचण एकच: कडा खरपूस, मधे पचपचीत.

मूळ होतं ताज्या पावात आणि कच्च्या कांदा-टोमॅटोत. त्यांचं पाणी मिश्रणातच सुटतं. आता शिळ्या पावाचे तुकडे आधी ओव्हनमध्ये कोरडे करते, कांदा-मिरची परतून गार करते, टोमॅटो सरळ वगळते. 12 अंड्यांना 3 कप दूध, मीठ आणि आपला खान्देशी काळा मसाला (सासूबाईंना तेवढाच भाग पसंत). रात्रभर फ्रिजमध्ये मुरवून सकाळी अर्धा तास बाहेर ठेवायचं. एका खोल भांड्याऐवजी दोन उथळ ट्रे घ्या, हा बदल सगळ्यात कामाचा. 180 अंशांवर फॉइल झाकून 25 मिनिटं, मग उघडं 15-20. मधोमध खुपसलेली सुरी कोरडी निघायला हवी; थर्मामीटर असेल तर आतलं तापमान 71 अंश सेल्सिअस. दहा मिनिटं थांबूनच वड्या कापा, नाहीतर मोडतात.

अंडं न खाणाऱ्यांसाठी पोहे वेगळे टाकावे लागतातच.